लेंड्यांचा भागाकार

मलकपेठच्या त्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात रोशनीच्या बुटांना मज्जाव होता. बूट जिन्यातल्या पत्र्याच्या डब्यात राहायचे, रानातले कपडे बाथरूममधल्या वेगळ्या बादलीत जायचे, आणि डोक्यावरून पाणी घेईपर्यंत खुद्द रोशनीनं घरातल्या कशालाही हात लावायचा नाही. हा कायदा तिच्या आईचा, विठाबाईंचा. जन्मभर शिवाशिवीच्या नावानं बोटं मोडणाऱ्या बाईनं स्वतःच्या लेकीला दारात अडवावं, याची रोशनीला सुरुवातीला गंमत वाटली. पुढे चीड यायला लागली. मग सवय झाली.

कारण रोशनी सोनकांबळे चितळांच्या लेंड्या मोजायची. छंद म्हणून नव्हे, पोटासाठी. स्टॅटिस्टिक्समध्ये एम.एस्सी., तीही पहिल्या वर्गात, आणि काम हे. शेजारच्या कुसुमताईंना विठाबाईंनी सांगून ठेवलं होतं की आमची रोशनी कॉम्प्युटरवर जंगलातल्या जनावरांचा हिशोब करते. ते खोटं नव्हतं. त्या हिशोबाची सुरुवात कुठून होते, तेवढं त्या गिळून टाकायच्या.

आता चितळ मोजायचं तर ते समोर उभं राहत नाही. झुडपाआड दडतं, पळतं, आणि तेच जनावर पुन्हा पलीकडून दिसलं की दोनदा मोजलं जातं. म्हणून शहाण्या लोकांनी तोडगा काढला की जनावर मोजू नये, त्याच्या लेंड्या मोजाव्या. रानात सरळ पट्टे आखायचे आणि त्यांत लेंड्यांचे ढीग किती आहेत ते बघायचं. एक चितळ दिवसातून किती वेळा लेंड्या टाकतं हे ठाऊक असतं. एक ढीग विरून जायला किती दिवस लागतात हेही ठाऊक असलं की भागाकार करायचा, चितळं किती ते निघतं. मग तो आकडा मॉडेलमध्ये घालायचा. माद्या किती, पाडसं किती जगतात, रान किती तोंडांना पोसेल. मॉडेल सांगतं की पाच वर्षांनी चितळं किती होतील आणि आज किती हलवायला हवीत. पडद्यावर एक लाल रेघ वर चढत जाते आणि ती बघून साहेब लोकांच्या कपाळाला आठ्या पडतात. सगळं गणित चोख असतं. त्याच्या तळाशी लेंडी असते एवढंच, आणि तिच्यापाशी कुणाला तरी उकिडवं बसावं लागतं.

ते कुणी बसायचं हे संस्थेत पहिल्याच दिवशी ठरलं. संस्था खाजगी, ऑफिस नामपल्लीत, आणि सर्वेसर्वा डॉक्टर हिम्मतराव. जुन्या निजामी मुलखातल्या बड्या शेतकरी घरातला माणूस, मराठी गोड, वागणं त्याहून गोड. त्यांनी नव्या मुलांना समोर बसवलं आणि कामं वाटली. मॉडेल तेजश्री बघेल. नकाशे आणि प्रेझेंटेशन रितेश बघेल. फील्ड रोशनीकडे, तिला जमेल. तिला का जमेल हे कुणी विचारलं नाही. मार्क तिचे तेजश्रीपेक्षा जास्त होते, पण सोनकांबळे हे आडनाव ऐकून तिथल्या सगळ्यांना ती वाटणी अगदी स्वाभाविक वाटली. रोशनीलाही ती कळली, आणि ते ‘जमेल’ ती पुढं कधी विसरली नाही.

पण खरं सांगायचं तर काम तिला आवडायला लागलं. गुट्ट्यांवर, म्हणजे त्या मोठमोठ्या गोल खडकांच्या टेकड्यांवर, सकाळचं ऊन यायच्या आत पोचायचं, सीताफळीच्या झुडपांतून वाकून जायचं. ताजी लेंडी काळपट हिरवी, ओली, चकचकीत. दुसऱ्या दिवशी चकाकी जाते, मग ती तपकिरी होते, मग करडी, आणि शेवटी बोटानं दाबली की भुगा. त्यात गवताचा वास असतो, दुसरं काही नसतं. तिला त्याची किळस कधी आली नाही. किळस यायची ती ऑफिसच्या कॉन्फरन्स रूमची.

त्या खोलीला खिडकी नव्हती. कालच्या बिर्याणीचा वास एसीमध्ये मुरलेला असायचा. हिम्मतराव मिरची भजी खायचे, त्याच बोटांनी कीबोर्ड बडवायचे, आणि विचारात पडले की पेनाचं टोपण कानात घालून फिरवायचे. टोपण बाहेर काढून बघायचे. मग त्याच पेनानं पाहुण्यांसमोर आकडे लिहायचे. वनखात्याचा कुणी अधिकारी आला की हिम्मतरावांचा पहिला प्रश्न ठरलेला असे, तोही अगदी हळू आवाजात, लग्नाच्या बोलणीत विचारावा तसा: साधारण किती अपेक्षित आहे? आधी आकडा, मग सर्व्हे, ही त्या संस्थेची रीत. आकडा कळला की तेजश्री मॉडेलमधली एखादी किल्ली या बाजूला, एखादी त्या बाजूला फिरवायची आणि लाल रेघ आज्ञाधारकपणे तिथं जाऊन पोचायची. तेजश्री वाईट मुलगी नव्हती. ती फक्त सरांची री ओढायची आणि संध्याकाळी घरी जायची.

रिंग रोडच्या अलीकडे तारेच्या कुंपणात एक रान होतं. भोवती अपार्टमेंटं उठली होती, आणि आता त्या रानाचं सार्वजनिक उद्यान करायचं ठरलं होतं. कारंजी, फूड कोर्ट, सेल्फी काढायला मोठ्ठं हृदय. अडचण होती ती आतल्या चितळांची. ती वाढीव आहेत असं शास्त्रानं सिद्ध झालं तरच ती पकडून उत्तरेकडच्या जंगलात सोडता येणार होती, वाघांना खायला. तेव्हा चितळं वाढीव निघायला हवी होती. ते सिद्ध करण्याचं काम हिम्मतरावांकडे आलं.

ढीग रोशनीनंच मोजले, भर उन्हाळ्यात. तिथवर सगळं खरं होतं. पण ढीग किती दिवस टिकतो हा आकडा हिम्मतरावांनी आपला जुना घातला. तो त्यांनी काही वर्षांपूर्वी एका पावसाळ्यात काढला होता. पावसात लेंड्या विरघळतात, शेणकिडे त्या गाडून टाकतात, पंधरा दिवसांत जागा साफ. उन्हाळ्यात ना पाणी ना किडे, ढीग दोन महिने जसाच्या तसा पडून राहतो. म्हणजे जमिनीवर दिसत होती ती दोन महिन्यांची साठवण, आणि हिम्मतराव ती पंधरा दिवसांची म्हणून भागत होते. चितळं चौपट झाली. मॉडेल म्हणालं, रानात बाराशे आहेत, रान पोसेल आठशे, वाढीव चारशे. रोशनीनं ताज्या ढिगांशेजारी बारक्या झेंड्या रोवून, हप्त्याहप्त्यानं जाऊन बघून, स्वतःचा उन्हाळी आकडा काढला होता. तो घालून तिनं भागाकार केला तर सगळ्या रानात मिळून तीनशे निघत होती. तीनशेंतून चारशे वाढीव काढायची, असं ते शास्त्र होतं.

तिनं ते सरांपुढं मांडलं. एकटीनं, दार लावून, सगळे फोटो दाखवून. हिम्मतरावांनी ऐकून घेतलं. त्यांना कळलं नाही असं समजू नका. त्यांना तिचं पहिलं वाक्य संपायच्या आत कळलं होतं, ते तिच्यापेक्षा हुशार होते, आणि तिला नंतर सगळ्यात ओंगळ वाटलं ते हेच.

“बेटा,” ते म्हणाले, “माझा रेट छापून आलाय. तुझा कुठं छापलाय?”

मग त्यांनी विषय बदलला. पर्मनंट करायच्या लोकांची नावं पुढच्या आठवड्यात पाठवायची आहेत म्हणाले, तुझं नाव मी वर घातलंय म्हणाले, आणि अहवालाच्या शेवटच्या पानावर फील्ड इन्चार्जची जागा बोटानं दाखवली. बोटाला भज्याचं तेल होतं. पानावर त्याचा डाग उमटला. रोशनीनं त्या डागाशेजारी सही केली. आपण मराठीत ज्याला शेण खाणं म्हणतो ते तिनं त्या दिवशी केलं. दुपारभर तिला आपल्याच हाताकडं बघवेना.

मे महिन्यात पकड सुरू झाली. हिरव्या कापडाच्या दोन लांब भिंती उभारायच्या, रुंद तोंडाच्या, पुढं निमुळत्या होत गेलेल्या. कळप मागून हाकलत आणायचा, तो भिंतींमधून धावत जातो आणि टोकाला लॉरीच्या फळीवर चढतो. मग मागून दार पडतं. भिंती कुठं उभारायच्या हे रोशनीच्या नकाशावरून ठरलं, कारण ढीग जिथं दाट तिथंच चितळं. तिला हजर राहावं लागलं. चितळ ही फार भित्री जात. पाठलागानं त्याचं अंग तापतं, पाय लाकडासारखे होतात, आणि कुणी काठीही न लावता ते उभ्या उभ्या कोसळतं. लॉरीत आणखी कोसळतात. एका मादीची मान फळीत अडकली आणि मागची तिच्यावरून चढली. हाकारे हसत होते, काही जण फोन वर धरून व्हिडिओ काढत होते. मेलेली ताडपत्रीखाली ओळीनं ठेवत होते आणि ताडपत्री आखूड पडत होती, पाय बाहेर राहत होते. हिम्मतराव छत्रीखाली नारळपाणी पीत होते. थोडीफार मर होतेच, मॉडेलमध्ये ती धरलेली आहे, असं ते एका पत्रकाराला समजावून सांगत होते.

चारशे काही भरली नाहीत. तीनशेच्या आतच लॉऱ्या रिकाम्या परतायला लागल्या. मग हिम्मतरावांनी जाहीर केलं की चितळं हुशार झाली आहेत, लपून बसली आहेत, आणि लगेच दुसरा सर्व्हे लावला. रोशनी तेच पट्टे पुन्हा चालली. ढीग होते. बहुतेक सगळे होते, करडे, वाळके, भुगा होणारे, मार्च-एप्रिलमधले. ज्यांनी ते टाकले होते ती चितळं एव्हाना वाघाच्या पोटात नाहीतर ताडपत्रीखाली गेली होती. पण ढीग तो ढीग. तेजश्रीनं ते आकडे जुन्या रेटनं भागले आणि पडद्यावर आलं, शिल्लक नऊशे, वाढीव अजून शंभर. हिम्मतराव म्हणाले, बघा, मी सांगत नव्हतो? पकडीची दुसरी फेरी लावू. रोशनी उठून बाथरूममध्ये गेली आणि तिला खरोखर ओकारी झाली.

त्या दिवशी ती घरी आली, अंघोळ केली आणि जेवायला बसण्याआधी आईला सगळं सांगून मोकळी झाली. इतक्या वर्षांत विठाबाईंनी कामाबद्दल कधी विचारलं नव्हतं आणि तिनं कधी सांगितलं नव्हतं. आता भागाकार कसा असतो, तो कुठं चुकतो, चितळं कशी मरतात, आणि सही तिची कशी आहे, सगळं. विठाबाई मेथी निवडत ऐकत होत्या. त्यांचं शिक्षण सातवी, पण गणित त्यांना रोशनीच्या अंदाजापेक्षा लवकर समजलं.

“म्हंजे मोरीत आठवड्याची खरकटी भांडी बघायची,” त्या म्हणाल्या, “आन् म्हणायचं की ह्या घरात पन्नास माणसं जेवतेत.”

रोशनी हो म्हणाली. विठाबाईंनी मेथीची काडी मोडली आणि बाजूला टाकली. त्यांच्या मनात काय चाललं होतं ते रोशनीला ठाऊक होतं. आजोबा अंबाजी उदगीरकडच्या गावात मेलेली जनावरं ओढायचे. गावकीचं कामच होतं ते. दीक्षा घेतली तेव्हा त्यांनी ते सोडलं, गावानं वाळीत टाकलं तरी पुन्हा धरलं नाही, आणि बायकापोरं घेऊन सिकंदराबाद गाठलं. त्यांची सून म्हणून विठाबाई घरात आल्या त्या हीच गोष्ट ऐकत. नात एम.एस्सी. झाली तेव्हा आजोबांनी आळीत पेढे वाटले होते, आणि नात रानातली घाण चिवडते हे कळलं तेव्हा दोन दिवस अन्न घेतलं नव्हतं.

“तुझा आजा ढोरं ओढायचा,” विठाबाई शेवटी म्हणाल्या. “लोक नाकाला फडकं लावायचे. पर जितं ढोर त्यानं कधी नाई ओढलं, माय. मेल्यावरच बलवायचे त्याला.”

एवढं बोलून त्या मेथी धुवायला उठल्या. रोशनीनं ताट बाजूला सारलं. आईनं शिव्या घातल्या असत्या तर परवडलं असतं.

दुसऱ्या अहवालावर तिनं सही केली नाही. तिनं सरांना तसं सांगितलं आणि सरांना टाळून थेट खात्याच्या नव्या साहेबांकडे गेली. हा संस्थेत मोठा गुन्हा होता. साहेब नुकतेच बदलून आले होते, तरतरीत गडी, ऐकून घेणारा. तिनं त्यांना सांगितलं की जुने ढीग मोजण्यात अर्थ नाही. पट्टे झाडून स्वच्छ करा, दोन आठवडे थांबा, आणि मग जे नवं पडेल तेवढंच मोजा. नवं पडलं तर चितळं आहेत, नाही पडलं तर नाहीत. ढीग किती दिवस टिकतो हा प्रश्नच मिटतो. साहेबांना ते एकदम पटलं. त्यांनी तिथल्या तिथं हिम्मतरावांना फोन लावून पट्टे झाडायला सांगितलं. रोशनीला वाटलं, चला, एक तरी माणूस भेटला. तेवढ्यात साहेबांनी फोन ठेवून तिच्याकडं हसून बघितलं.

“बराबर बोले मॅडम. नई लेंडी किधर गिरी मालूम हुआ तो जाली उधरीच लगाते. एक भी नक्को छोड़ो.”

त्यांना उद्यानाचं उद्घाटन करायचं होतं. थोडीशी चितळं जरी मागं राहिली तरी मॉडेलप्रमाणे ती काही वर्षांत पुन्हा कळपाची होणार, म्हणून शेवटचंही हलवायचं. आणि शेवटचं कुठं आहे हे कळायची सगळ्यात अचूक पद्धत रोशनीनं स्वतः चालून जाऊन त्यांच्या हातात दिली होती. ती खुर्चीतून उठली, थँक्यू सर म्हणाली, आणि जिना उतरताना तिला हिम्मतरावांपेक्षा स्वतःची जास्त शिसारी आली. खोट्या आकड्यानं कळप मारला होता. उरलेसुरले आता खऱ्या आकड्यानं मरणार होते.

पट्टे झाडून झाले. पुढच्या सकाळी ती एकटी रानात गेली आणि मागच्या बाजूला, गुट्ट्यांच्या आडोशाला, कुंट्यापाशी, म्हणजे तिथल्या लहानशा तळ्यापाशी, तिला पहिला ताजा ढीग दिसला. काळपट हिरवा, ओला, चकचकीत. इतक्या वर्षांत ताजा ढीग दिसला की तिला बरं वाटायचं. आज तिनं आधी मागं वळून कुणी येत नाही ना ते बघितलं. थोडं वर खडकाच्या सावलीत तीन-चार माद्या उभ्या होत्या, दोघींच्या अंगाशी पाडसं. कान टवकारून त्या तिच्याकडं बघत राहिल्या. पळायला त्यांना आता दुसरी जागाच नव्हती. त्या बाजूला उद्यानवाले काही बांधणार नव्हते, एवढा खडक फोडायला कोण बसलंय. कुणाला कळलं नाही तर त्या तिथं राहिल्या असत्या.

रोशनी खाली बसली आणि तिनं तो ढीग उचलला. नुसत्या हातानं, एकेक लेंडी वेचून, मातीसकट, आणि डब्याच्या पिशवीत भरला. पट्ट्यात आणखी दोन होते, तेही उचलले. हे करताना तिला रडू येत होतं आणि संतापही. आकडा आधी ठरवायचा आणि रान त्याला जुळवून घ्यायचं, हेच तर हिम्मतराव करायचे. ते निदान खोलीत बसून करायचे. ती खुद्द रानातच खोटं पेरत होती. दोघांत फरक काय, असा प्रश्न तिनं स्वतःला विचारला, आणि त्याचं उत्तर न देता पिशवी बाहेरच्या कचराकुंडीत टाकून आली.

चितळ काही एकदा लेंड्या टाकून थांबत नाही. दोन आठवडे रोज जायला हवं होतं, आणि कुंट्याभोवतीचे पट्टे एकट्या बाईला उरकणारे नव्हते. तिनं घरी सांगितलं ते मदत मिळावी म्हणून नव्हे, उशीर का होतो याचं कारण म्हणून. विठाबाईंनी पुरतं ऐकलंही नाही. उद्या मी येते, म्हणाल्या.

त्या खरंच आल्या. पहाटेच्या बसनं, गुडघे दुखत असताना, पांढरी साडी नेसून. पहारेकऱ्याला रोशनीनं सांगितलं की आईला रान बघायचंय. पहिल्या ढिगापाशी विठाबाई नाकाला पदर लावून उभ्या राहिल्या, तोंड वाकडं करून, आणि रोशनीला वाटलं की आता या मागं फिरणार. विठाबाईंनी नाकाचा पदर काढला, कमरेला खोचला, आणि हूं करत खाली बसल्या. ताजी कुठली, शिळी कुठली, त्यांना एकदाच दाखवावं लागलं. पुढं त्या तोंडानं सारखं पुटपुटत लेंड्या वेचत होत्या. त्या पुटपुटण्यात हिम्मतरावांच्या साऱ्या खानदानाचा उद्धार होता, साहेबांचा होता, कारंज्यांचा होता, आणि अधूनमधून रोशनीचाही होता. एकदा माद्या अगदी जवळून गेल्या. विठाबाई हात तसाच जमिनीवर ठेवून त्यांच्याकडं बघत राहिल्या आणि म्हणाल्या, एवढुशीच असते की ही, मी समजत होते गाईएवढी. मग पुन्हा पुटपुटायला लागल्या.

घरी आल्यावर दोघी दारात उभ्या राहायच्या आणि आधी कोणी अंघोळीला जायचं यावरून वाद व्हायचा. कुसुमताईंनी एकदा दार उघडून, सकाळी सकाळी कुठं गेला होता म्हणून विचारलं. विठाबाईंनी सांगितलं, हिशोबाला.

पाहणीचा दिवस आला. साहेब, हिम्मतराव, तेजश्री आणि दोन-तीन माणसं जीपमधून येणार होती. रोशनी उजाडताच एकटी येऊन सगळं वेचून गेटवर जाऊन उभी राहिली. मंडळी पट्टे चालायला लागली. ती सर्वांत पुढं, वाट दाखवायला. कुंट्याकडच्या शेवटच्या पट्ट्यात वळणावर तिला ढीग दिसला. नुकताच पडलेला, अजून वाफ धरून असलेला. मागं हिम्मतराव साहेबांना नव्या मॉडेलचं कौतुक सांगत येत होते. रोशनी बुटाची नाडी बांधायला बसली. दोन्ही मुठी भरल्या तेव्हा ती उठली आणि त्या मुठी तिनं जॅकेटच्या खिशात घातल्या. तेजश्री अगदी पाठीशी होती. तिनं काय बघितलं, काय नाही, ते तिलाच ठाऊक. ती काही बोलली नाही. नंतरही बोलली नाही.

सगळ्या पट्ट्यांत मिळून आकडा आला शून्य. साहेब खूश झाले, आता लॉऱ्या पुन्हा मागवायची भानगड नको म्हणाले. रोशनीला वाटलं होतं, निदान आता हिम्मतराव उघडे पडतील. नऊशे शिल्लक सांगितली होती आणि निघालं शून्य, काहीतरी उत्तर द्यावं लागेलच की. हिम्मतरावांनी क्षणभरच विचार केला. मग ते साहेबांना म्हणाले की दुसरा सर्व्हे म्हणजे नुसता प्राथमिक अंदाज होता, मूळ मॉडेलप्रमाणे ही सगळीच वाढीव होती, आणि वाढीव ती सगळी हलवली गेली. शून्यच यायला हवं होतं. साहेबांनी मान डोलावली. तेजश्रीनं लगेच तसा मजकूर टाइप केला. जीपमध्ये छोटा प्रिंटर होता, त्यातून एक पान बाहेर आलं. पहिल्या ओळीत बाराशे होतं, शेवटच्या ओळीत शून्य, आणि त्या पानावरचा एकही आकडा खरा नव्हता. शून्यसुद्धा.

हिम्मतरावांनी ते पान जीपच्या बॉनेटवर ठेवलं, वाऱ्यानं उडू नये म्हणून कोपऱ्यावर स्वतःचा मोबाईल ठेवला, आणि रोशनीला हाक मारली. मागचं सगळं विसरू बेटा, म्हणाले, फील्ड इन्चार्ज तूच आहेस. मागच्या वेळी तिनं सही नाकारली होती, तशी आज नाकारली असती तर साहेबांनी कारण विचारलं असतं, आणि कारण गुट्ट्याआड उभं होतं. तिनं खिशातले हात बाहेर काढले. तळवे हिरवे झाले होते, नखांत भरलं होतं. हिम्मतराव एक पाऊल मागं सरले आणि त्यांनी नाकाला रुमाल लावला.

“अगं, हात तरी धुऊन ये आधी,” ते म्हणाले. “वास येतोय.”

“आधी सही करते सर,” रोशनी म्हणाली. “मग एकदमच धुते.”